गुणाजीचा सोमवार

गुणाजीने तीन पत्रावळी मांडल्या, त्यातल्या दोनांवर भात वाढला आणि तिसरीवर, त्र्यंबकच्या पुढ्यात, दोन केळी ठेवली.

"हे काय?" त्र्यंबकने विचारलं.

"सोमवार ना आज. तुझा उपास."

चरईतलं हे घर तिघांनी भाड्याने घेतलं ते आपापल्या घरी भांडून. जात उंबऱ्याबाहेर ठेवायची, आळीपाळीने रांधायचं, एका पंगतीत जेवायचं. आगगाडीत मांडीला मांडी लावून बसतो, मग पंगतीत का नाही, हा त्र्यंबकचाच मुद्दा. नियमही त्यानेच मोठ्या अक्षरांत लिहून भिंतीला लावले. मिठागरावर वाढलेला आणि आता शाळेत शिकवणारा गुणाजी शेवटी आला, म्हणून रांधायला त्याच्या वाट्याला एकटा सोमवार उरला. नेमका त्याच आठवड्यात त्र्यंबकला महादेव आठवला.

"शेंडी कापलीस आणि सोमवार धरलास," तिसरा गडी हरिहर चिडवायचा.

त्र्यंबक हसण्यावारी न्यायचा. पण दर रविवारी तो कल्याणला घरी जाई, तेव्हा आई विचारी, "त्या मिठागरवाल्याच्या हातचं खाल्लं नाहीस ना?" तिच्या गळ्याची शपथ घेऊन नाही म्हणताना त्याला हायसं वाटे, आणि परतताना वाटभर त्या हायसं वाटण्याचीच लाज वाटे.

"उपास सोडतो," आज तो म्हणाला. "भात वाढ."

"तुझ्यापुरता टाकलाच नाही. चार सोमवार कुत्र्याला घातला." गुणाजीच्या आवाजात राग नव्हता. "केळी खा. सालासकट आहेत. आत माझा हात लागलेला नाही."

म्हणजे त्याला सगळं ठाऊक होतं.

हरिहरने आपली पत्रावळ पुढे सरकवली. "यातला घे. मी अजून हात घातलेला नाही."

त्र्यंबकचा हात भातापर्यंत गेला आणि तिथेच राहिला. गुणाजी पाणी आणायला उठला. तांब्या भरलेलाच होता, तरी तो बराच वेळ आत आला नाही. आला तेव्हा भात तसाच होता.

पुढच्या रविवारी आईने पान वाढता वाढता नेहमीचं विचारलं.

"खाल्लं," त्र्यंबक म्हणाला. "दर सोमवारी खातो. चांगलं रांधतो तो."

आईचा डाव हातातच राहिला. मग तिने ओटीच्या कोपऱ्यात दुसरं पान मांडलं, त्याला तिथे बसवलं आणि लांबूनच, वरून भात टाकला.

त्र्यंबकने तो सगळा खाल्ला.