मागचं फाटक

“मागचं फाटक कायम कुलूपबंद असतं. बरोबर ना, मावशी?”

दारू दुकानाच्या वकिलांनी इतक्या गोडीनं विचारलं, की पिंजऱ्यात उभ्या मावशींना क्षणभर ‘हो’ म्हणावंसं वाटलं. बावीस वर्षं शाळेत शिपाई. मोठ्या माणसांपुढे मान डोलवायची सवयच होती.

सगळा दावा त्या फाटकावर अडला होता. शाळेच्या दारापासून शंभर मीटरच्या आत दारूचं दुकान नको, असा नियम. पुढच्या दारापासून दुकान दीडशे मीटरवर, मागच्या फाटकापासून जेमतेम चाळीस. ते फाटक वापरात नाही, असं दुकानमालकाचं म्हणणं. आहे, असं पालकांचं. किल्ली मावशींकडे. आणि मावशींचे यजमान त्याच दुकानात अकरा वर्षं काउंटरवर.

आदल्या संध्याकाळी त्यांनी यजमानांना विचारलं होतं, “खरं बोलले तर मालक तुम्हाला काढतील. काय करू?”

यजमान पालेभाजी निवडत होते. “साक्षीला तुला बोलावलंय, मला नाही.”

“असं तोडून नका बोलू हो.”

“तोडून नाही गं. शाळा सुटली की पोरी भिंतीला चिकटून, माना खाली घालून जातात. मी रोज बघतो, आणि बाटल्या कागदात गुंडाळत बसतो. तू तरी बोल.” मग निवडलेली भाजी पुढे सरकवत म्हणाले, “माझं बघू काहीतरी. हातपाय धड आहेत अजून.”

मावशींनी पिंजऱ्याचा कठडा धरला. “नाही साहेब. रोज सकाळी सातला मी स्वतः ते फाटक उघडते. निम्मी शाळा तिथूनच येते.”

वकिलांचा सूर बदलला. “तुमचे पती याच दुकानात नोकरीला आहेत ना?”

“आहेत की. म्हणजे खोटं बोलण्यात फायदा माझाच होता.”

मागच्या बाकांवर कुणीतरी हसलं. न्यायाधीशांनी मान वर करून मावशींकडे पाहिलं आणि पुन्हा लिहू लागले.

महिन्याभरानं निकाल लागला. दुकान हलवायचा हुकूम झाला. मालकानं दुसरीकडे जागा घेतली आणि यजमानांना सांगितलं, “तुम्ही नका येऊ आता.” त्यांनी घरी येऊन ते शांतपणे सांगितलं आणि पाय धुवायला गेले. मावशींना त्या पाठमोऱ्या माणसाला काहीतरी म्हणायचं होतं. त्या पंचा घेऊन मोरीच्या दाराशी जाऊन उभ्या राहिल्या.

रविवारी पाच-सहा पालक घरी आले. एका आईनं मावशींचे दोन्ही हात धरले. “तुमचे उपकार कसे फेडायचे?”

“मला काय म्हणता? मी नुसतं बोलले. किंमत ह्यांनी मोजली.” मावशींनी आत वळून हाक मारली, “अहो, बाहेर या ना जरा.”

यजमान ओले हात पुसत दारात आले. “बसा ना, उभे का सगळे?”

घरात खुर्च्या दोनच. पाहुण्यांपैकी कुणीही त्यांवर बसेना. शेवटी एका बापानं एक खुर्ची पुढे ओढली आणि यजमानांनाच तिच्यावर बसवलं. ते अगदी कडेवर बसले, परक्या घरी बसावं तसे, आणि मावशी पदरानं डोळे टिपत सगळ्यांसाठी चहाचं आधण ठेवायला गेल्या.