संत्र्यांच्या बागेतली शेगडी

मी एक जुनी बिडाची शेगडी आहे. शेगडी म्हटल्यावर तुम्ही मला एखाद्या घरात शोधाल, पण मित्रांनो, मी उभी आहे संत्र्याच्या मोजक्या झाडांमध्ये, उघड्यावर. माझ्या पोटात पालापाचोळा आहे आणि एक सरडा बिनभाड्याने राहतो.

माझा जन्म एका फार थंड गावातल्या ओतकामाच्या कारखान्यात झाला. साच्यातून निघाले तेव्हा माझ्या दारावर पानाची नक्षी अगदी स्वच्छ उमटली होती. "जमली बरं का पोरगी!" असे ओतारी म्हणाला. तेवढे कौतुक मला पुष्कळ वर्षे पुरले.

जोडे शिवणाऱ्या एका कारागिराने मला घरी नेले. दुकान आणि घर मिळून एकच खोली होती. हिवाळ्यात तिच्या भिंतींना आतून बर्फ धरायचा. माझ्याभोवती ओले मोजे वाळत आणि माझ्या उबेने कडक चामडे नरम होई. कारागिराच्या आईचे पाय बाराही महिने गार असायचे. ते माझ्याजवळ धरून ती मुलाला म्हणायची, "तुझ्यापेक्षा हीच माझी जास्त विचारपूस करते."

मग एकदा दूरच्या उष्ण मुलखात जमिनी विकणाऱ्या वसाहत कंपनीचा माणूस गावात आला. त्याने सभागृहात मोठमोठी रंगीत चित्रे टांगली. त्यांत फळांनी वाकलेली झाडे होती आणि अनवाणी खेळणारी मुले होती. जोडे शिवणाऱ्याने खरे तर ते अनवाणी पाय पाहूनच सावध व्हायला हवे होते.

"तिकडे थंडी फक्त कॅलेंडरात असते," तो माणूस म्हणाला. "रोपं लावा आणि सावलीत बसा."

कारागिराने दुकान विकले, जमीन घेतली. सामान बांधताना तो माझ्यापाशी अडला.

"आई, ही धोंड कशाला तिकडे?"

"मग मलाही ठेव इथेच. मीही धोंडच."

"अहो, घेऊ या ना," सूनबाई हळूच म्हणाली. "नाहीतर त्या आगगाडीत बसायच्या नाहीत."

अशी मी निघाले. स्टेशनवर शेजारी हसले, "काय आजी, तिकडे सूर्याला शेक द्यायचाय वाटतं?"

नव्या मुलखात पत्र्याचे घर होते आणि अंगाची लाही करणारे ऊन. माझी रवानगी पडवीत झाली. माझ्यात कोंबडी अंडी घालू लागली. म्हातारी मात्र सवयीने माझ्याशेजारीच बसायची. संत्र्याची रोपे लावली होती. ती गुडघ्याएवढी झाली, मग कमरेएवढी. सगळ्या घराचा जीव त्यांत अडकला होता. कारागिराने जोड्यांचे लाकडी साचे मात्र पेटीत जपून ठेवले होते. बागेने दगा दिलाच, तर हात रिकामे राहू नयेत म्हणून.

एका हिवाळ्यात म्हातारी खोकल्याने अंथरुणाला खिळली. मला पुन्हा घरात आणून तिच्या पायांशी ठेवले. त्याच आठवड्यात एका संध्याकाळी वारा पडला, आकाश काचेसारखे झाले आणि गवत पायाखाली करकरू लागले. गारठलेल्या गावात वाढलेल्या माणसांना ते काय आहे, हे सांगावे लागले नाही. दव गोठून झाडे करपवणारे हिम पडणार होते. कंपनीच्या चित्रात ते कुठेच नव्हते.

कारागीर दारात उभा राहून एकदा बागेकडे पाहत होता, एकदा माझ्याकडे.

"बघतोस काय?" म्हातारी म्हणाली. "ने तिला बाहेर. मला पांघरूण घालता येतं, झाडांना येत नाही."

"पण आई, तुझे पाय..."

"पाय कुठे पळून चाललेत माझे? जा म्हणते ना!"

दोघांनी मला उचलून बागेच्या मध्यात नेले. हाताशी होती ती वाळकी लाकडे बघता बघता संपली. तेव्हा कारागिराने पेटी आणली आणि एकेक साचा माझ्या पोटात टाकला. सूनबाई तोंडाला पदर लावून फुंकत राहिली. मी लालबुंद होईपर्यंत जळले. आयुष्यात एवढी कधी जळले नव्हते.

उजाडले तेव्हा साऱ्या वसाहतीतल्या बागा काळ्या पडल्या होत्या. आमचीही पडली होती. फक्त माझी धग पोचली तेवढी झाडे हिरवी उरली होती.

"आई, वाचली गं थोडी!" असे ओरडत कारागीर घरात धावला. मागोमाग सूनबाई गेली. उघड्या दारातून मला दिसले, म्हातारी भिंतीकडे तोंड करून निजली होती. सूनबाईने पायांवरचे पांघरूण सारखे केले आणि तिचा हात त्या ताठरलेल्या पायांवरच थांबला.

मूठभर झाडांवर घर चालत नाही. साचे जळाले होते, त्यामुळे जुना धंदाही गेला. कंपनीच्या कचेरीला केव्हाच कुलूप लागले होते. एकेक कुटुंब निघून गेले, आमचेही गेले. जाताना सूनबाईने माझ्या दारावरचे पान पदराने पुसले. मला उचलून न्यायचे त्राण कुणातच नव्हते.

आता या झाडांना फळे येतात. वाटसरू ती तोडतात, माझ्यावर बसून सोलतात आणि साली माझ्यातच टाकतात. माझी काही तक्रार नाही.

मित्रांनो, माझा गंज खरवडायला या, असे मी म्हणणार नाही. एवढेच करा. घरातले म्हातारे माणूस "मला नको, त्यांना द्या" म्हणाले, तर लगेच ऐकू नका. आधी त्याच्या पायांना हात लावून बघा, गार आहेत का ते.