सातव्या दगडाजवळचे फणस

अंबरनाथला आमच्या ऑफिसच्या फाटकावर 'भूजल सर्वेक्षण' अशी पाटी होती. त्यामुळे अधूनमधून कोणीतरी बोअरची चौकशी करत यायचंच.

"बाई, आमच्या परसात पानी लागंल का?"

"जमीन काळी का तांबडी?" मालिनीताई चेहरा न हलवता विचारायच्या. माणूस तालुक्याच्या कचेरीच्या वाटेला लागला की त्या खिडकी लावून घ्यायच्या, आणि आम्ही पुन्हा श्रीलंकेत.

अठ्ठ्याऐंशी साल. आपली फौज तिकडे लढत होती. तिथल्या जंगलातल्या लोकांची वायरलेसवरची बोलणी आपले सिग्नलवाले पकडायचे आणि टेलिप्रिंटरच्या मशीनवर आमच्याकडे पाठवायचे. त्यातला अर्थ काढायचा, एवढंच आमचं काम. आम्ही दोघी आणि वर मेजर दाते साहेब. मालिनीताईंचे वडील रेल्वेत त्रिचनापल्लीला होते, त्यामुळे त्या बदलापुरात बेलवलीला भाजीवालीशी भांडताना मराठी आणि स्वतःशी हिशोब करताना तामीळ बोलायच्या. मी स्टॅटिस्टिक्सची. घरी, उल्हासनगरला कॅम्प चारमध्ये, दहा महिन्यांची माझी लेक संघमित्रा आणि सासूबाई. खरं काम काय करते, हे त्यांनाही सांगायचं नव्हतं.

त्या लोकांची भाषा साधीच होती. पुलाला 'आजोबा', आपल्या गाड्यांना 'बैल', सुरुंगाला 'फणस'. मैलाच्या दगडाला नुसतं 'दगड'. आकडे मात्र अक्षरांत. एक दहा अक्षरांचा शब्द ठरवायचा, पहिलं अक्षर म्हणजे एक, दुसरं म्हणजे दोन, असं. महिन्या-दोन महिन्यांनी शब्द बदलायचा.

मला ही रीत नवी नव्हती. माझे वडील धोंडिबा कॅम्प पाचला एका सिंधी शेटच्या कापडदुकानात ठाण उलगडायला होते. प्रत्येक ठाणाच्या चिठ्ठीवर शेट खरेदीचा भाव असाच अक्षरांत लिहायचा. गिऱ्हाईक घासाघीस करत असताना चिठ्ठीकडे बघून कुठे अडायचं ते ठरवायचा. शाळेतून येऊन मी गल्ल्यामागे बसायचे आणि शेट कुठे अडतो ते बघत राहायचे. सहावीत असताना मी एका बाईला सांगितलं, "मावशी, अजून दोन रुपये सुटतील." शेटने बाबांना बोलावून घेतलं. "धोंडिबा, छोकरी को घर पे रख, नहीं तो दुकान उसके नाम कर दूँ?" हसत म्हणाला, पण दुसऱ्या दिवशी शब्द बदलला होता.

तर या खेपेच्या शब्दातली आठ अक्षरं आमच्या हाती आली होती. दोन राहिली होती. चार आणि सात.

त्या दुपारी मशीनवर आलेला कागद मालिनीताईंनी वाचून दाखवला.

"जेवलास का. आजोबांच्या दारात दोन फणस ठेवले. दगड..." त्या थांबल्या. "अंजना, हे अक्षर राहिलेल्यांतलं आहे. पुढे, उद्या सकाळी बैल येतील."

'जेवलास का' हे आम्ही त्या माणसाला ठेवलेलं नाव. निरोप देण्याआधी तो पलीकडच्याला दर वेळी तेच विचारायचा. कुठेतरी रस्त्याकडेला झाडाआड बसून आपल्या गाड्या मोजणारा माणूस. त्याचा आवाज आम्ही कधी ऐकला नव्हता, तरी ओळखीचा झाला होता.

भिंतीवर त्या रस्त्याचा नकाशा होता. चौथ्या दगडाजवळ एक पूल, सातव्याजवळ एक पूल. सातव्यापुढे इस्पितळाकडे जाणारा फाटा. आणि चौथ्याजवळ निळ्या पेन्सिलीने काढलेला एक गोल, पाण्याची जागा. त्या सबंध रस्त्यावर तेवढीच एक.

माझे मिस्टर किसन फौजेत पाण्याचा टँकर चालवायचे. पठाणकोटहून त्यांना तिकडे हलवलं होतं. नेमकं कुठे, ते पत्रात लिहायची सोय नव्हती, पण विहिरीकाठी पिंपळ आहे, पाणी गोड आहे, सकाळी पहिली खेप माझीच असते, एवढं त्यांनी लिहिलं होतं. हीच ती विहीर असणार असं वाटून निळ्या गोलाकडे मी रोज बघायचे. कोणाला बोलले नव्हते.

"आपापलं बसून वाचा," दाते साहेब म्हणाले. तो नेम होता, दोघींनी वेगवेगळं वाचायचं आणि मग ताडून बघायचं. "सकाळी त्या रस्त्याने जखमींच्या गाड्या जायच्यात."

मी जुने निरोप काढले. तेच अक्षर एकदाच, त्याच माणसाच्या एका निरोपात, आलेलं सापडलं. 'आज इतके बैल गेले.' त्या दिवशी आपल्या किती गाड्या गेल्या, ते साहेबांनी फोन करून विचारलं. सात. चार ट्रक आणि तीन जीप.

मालिनीताईंनी कपाळावर हात मारला. "म्हणजे झालं! ट्रक मोजले असतील तर चार, सगळं मोजलं असेल तर सात. देवा, दुसरा कुठला दिवस मिळाला नाही का रे तुला?"

मी पुन्हा शोधायला बसले. ब्लाउज ओला झाला होता, दुधाची वेळ टळून गेली होती. घरी सासूबाई संघमित्राला पेज भरवत असतील आणि ती थुंकत असेल. मी पदर ओढून घेतला आणि त्याच माणसाचे निरोप वेगळे काढले. एकात त्याने आठ बैल सांगितले होते. आठचं अक्षर आम्हाला पक्कं ठाऊक होतं. त्या दिवशीची आपली नोंद साहेबांनी मागवली. सहा ट्रक, दोन मोटरसायकली.

म्हणजे चाक असलेलं सगळं तो मोजत होता. म्हणजे जीपही. म्हणजे सात.

बरोबर होतं. तरी माझा हात कागदावर चालेना. हे सात आहे म्हणून मी सात म्हणतेय, की मला सात हवंय म्हणून? चार निघालं असतं तर पिंपळाखाली टँकर उभा. एका मोटरसायकलवाल्या दिवसाच्या आधाराने मी किसनच्या पुलाकडे पाठ फिरवत होते. तो माणूस एखाद्या दिवशी आळसला नसेल कशावरून? शेटसुद्धा घाईत असला की चिठ्ठीवर अर्धंच लिहायचा.

"मला नाही ठरवता येत," मालिनीताईंनी पेन ठेवलं. "मी कोरं सोडते. तुझं?"

"सात."

दाते साहेब माझ्या टेबलापाशी आले. "अंजनाबाई, नीट ऐका. शंका असेल तर तसं सांगा. मग मी त्यांना पहिल्या दगडापासून सगळा रस्ता तपासायला लावतो. दोन्ही पूल होतील. पण जखमींच्या गाड्या दुपारपर्यंत अडकतील, आणि त्यांत दोघं-तिघं असे आहेत की दुपार बघणार नाहीत. खात्री असेल तर एक तुकडी थेट जाते, फणस काढते, गाड्या वेळेवर सुटतात. बोला."

मी निळ्या गोलाकडे बघितलं नाही. तिकडे बघितलं असतं तर शंका आहे म्हणाले असते. ते दोघं-तिघं कोणाचे होते, मला माहीत नव्हतं. त्यांच्याही घरी कोणी फाटकाकडे डोळे लावून बसलं असेल.

"खात्री आहे," मी म्हटलं. "सातच."

संध्याकाळी घरी गेले तर सासूबाई दारातच. "अगं, पोरगी रडून रडून अर्धी झाली. एवढं काय जमिनीत बघता गं तुम्ही? किसनचं पत्र न्हाई आलं या खेपेला."

"येईल, आई."

"तुला बरं ठाऊक."

संघमित्राला पदराखाली घेतलं. ती चिडून चावली. हे सगळं माझ्या हातून गेलंय, आता कोणी विचारलं तरी बदलता येणार नाही, एवढंच डोक्यात. सासूबाई बाबासाहेबांच्या आणि बुद्धाच्या फोटोपुढे मेणबत्ती लावत होत्या. मी तिकडेही बघितलं नाही. काय मागणार? चार नको म्हणजे सातवर होऊ दे, असं कोणी मागतं का?

सकाळी मी पोचले तेव्हा दाते साहेब फाटकाशी उभे होते. ते कधी फाटकाशी उभे राहत नसत.

"सातव्याला दोन फणस," ते म्हणाले. "जसेच्या तसे. गाड्या इस्पितळात पोचल्या."

मालिनीताईंनी मला मिठी मारली आणि डब्यातला शिरा तिथेच उभ्याने भरवला. "खा गं! माझ्या कोऱ्या कागदाची तुला शपथ." मी हसत होते आणि रडत होते. इतकं हलकं मला बाळंतपणानंतरही वाटलं नव्हतं. किसन असेल तिथे असेल, पण त्याच्यावर येणारी गोष्ट मला आधी कळेल, असं त्या दिवशी मला पहिल्यांदा वाटलं. त्याच्यावर पहारा ठेवल्यासारखं.

दुपारपर्यंत मशीन गप्प होतं. मग कागद यायला लागले.

मालिनीताईंनी पहिला घेतला, दुसरा घेतला, मग सगळे टेबलावर पसरले. "हे तामीळ नाहीये."

"म्हणजे?"

"म्हणजे शब्दच नाहीत. बैल नाही, आजोबा नाही. नुसते आकड्यांचे गठ्ठे, पाच-पाचचे. कोण बोलतंय तेही कळत नाही. 'जेवलास का' पण नाही गं."

दाते साहेब बराच वेळ कागद बघत राहिले. मग खुर्चीत बसले. फोनवर तिकडच्या कोणाशी तरी इंग्रजीतून बोलले, ऐकून घेतलं, ठेवला.

"तुकडी गाडीतून उतरली ती सरळ सातव्या पुलाखाली गेली," ते म्हणाले. "इकडेतिकडे कुठे बघितलं नाही. खणलं, काढलं, परत आली. आणि तो तुमचा मोजणारा तिथेच झाडाआड बसलेला असणार."

कोणाला काही समजावून सांगायची गरज नव्हती. आपल्याच आळीत एखादी बाई थेट तुमच्या पिठाच्या डब्यात हात घालून दागिना काढू लागली, तर तुम्हाला कळतंच की तिला कोणीतरी सांगितलंय.

"सगळा रस्ता तपासला असता तर..." मी म्हटलं. "पहिल्यापासून तपासत सातव्याला पोचले असते, तर त्यांना वाटलं असतं, योगायोगाने सापडलं."

"हो."

"मी शंका आहे म्हटलं असतं तर."

"तर इस्पितळात माणसं पोचली नसती," मालिनीताई फाडकन म्हणाल्या. "तू बरोबर सांगितलंस. बरोबरच होतं ना ते? मग?"

बरोबरच होतं. त्याचं काय करू? बरोबर सांगितलं म्हणून त्यांनी भाषा बदलली आणि आम्ही बहिरे झालो होतो. आता ते चौथ्या दगडाजवळ दहा फणस पुरतील, आणि त्यांच्या निरोपाचा कागद माझ्याच टेबलावर येऊन पडेल, आणि मी त्यावरून हात फिरवत बसेन.

"साहेब," मी म्हटलं, "चौथ्यापाशी ती पाण्याची जागा आहे. तिथली सकाळची पहिली खेप थांबवता येईल का? थोडे दिवस?"

त्यांनी माझ्याकडे बघितलं, मग नकाशाकडे. "कोण आहे तुमचं?"

"मिस्टर."

मालिनीताईंच्या तोंडून "अगंबाई" एवढंच निघालं. काल त्याच अक्षरावर आम्ही दोघी बसलो होतो आणि मी एक शब्द बोलले नव्हते.

"पाणी थांबवता येत नाही, बाई," दाते साहेब हळू म्हणाले. "त्या एका विहिरीवर सगळी छावणी पितेय. रोज रस्ता तपासून मगच टँकर सोडा, असं कळवतो. तपासतील. जमेल तेवढं तपासतील." मग म्हणाले, "तुम्ही घरी जा आज. लेकरू लहान आहे."

"घरी जाऊन काय करू? तिथे मला काहीच कळत नाही."

"इथे तरी काय कळतंय आता?"

मालिनीताईंनी गठ्ठ्याचे दोन भाग केले आणि एक माझ्याकडे सरकवला. मशीन चालूच होतं. पाच आकडे, मोकळी जागा, पाच आकडे. यातला कुठलाही एक गठ्ठा 'चार' असू शकत होता. मी पहिला कागद घेतला आणि कुठला आकडा किती वेळा येतो, ते मांडायला लागले.