कोमाद्रेच्या हाती दिलेलं भाडं

नुरिसच्या आणि माझ्या व्यवहारात पावती कधीच नव्हती. मागितली असती तर मीच शरमेनं मेले असते. माझ्या लेकीला, यानेलीला, बाप्तिस्म्याच्या वेळी तिनं हातात धरलं, तेव्हापासून आम्ही एकमेकींच्या कोमाद्रे. आम्हा डोमिनिकन लोकांत हे नातं सख्ख्या बहिणीच्याही वरचं. बहिणीशी भांडता येतं, कोमाद्रेशी नाही.

रेडिंगमधल्या आमच्या तीनमजली घराचा मालक न्यूयॉर्कला राहायचा. त्याच्या वतीनं भाडं गोळा करायची तळमजल्यावरची नुरिस. मी रोख घेऊन खाली जायची, ती कॉफी टाकायची आणि बानीला, गावी, तिचं घर कुठवर आलंय त्याचे फोटो दाखवायची. गच्चीचा पांढरा कठडा, स्वयंपाकघरातल्या निळ्या फरश्या. मी तोंडभरून कौतुक करायची.

मग मालकानं खटला भरला. तिसऱ्या मजल्याचं, म्हणजे माझं, भाडं हिवाळ्यापासून आलेलं नाही म्हणे.

"अगं, त्या म्हाताऱ्याचा हिशेब चुकलाय," नुरिस म्हणाली. "मी येते की न्यायाधीशापुढे. तू कशाला जीव टांगणीला लावतेस?"

सुनावणीच्या दिवशी तिचं ब्लडप्रेशर वाढलं. न्यायाधीशानं पावत्या मागितल्या. मी म्हटलं, "साहेब, ती माझी कोमाद्रे आहे." माणूस बरा असावा, हसला नाही. घर खाली करा म्हणाला.

मी अपील केलं. कोर्टातल्या खिडकीवरच्या बाईनं बजावून सांगितलं, निकाल लागेपर्यंत दर महिन्याचं भाडं इथं कोर्टात भरायचं. एक महिना जरी चुकलं तरी सुनावणीआधीच घराबाहेर काढतील. पहिल्या खेपेला मी स्वतः जाऊन भरलं. दुसऱ्या खेपेला गोदामात सुट्टी मिळेना. आणखी एक खाडा झाला असता तर नोकरीच गेली असती.

"आण इकडे," नुरिस म्हणाली. "मला डॉक्टरकडे जायचंच आहे, कोर्ट वाटेवरच लागतं. आणि अपिलात मी साक्ष देणार, सांगून ठेवते. ह्या वेळी बीपी गेलं खड्ड्यात."

आम्ही दोघी हसलो आणि मी पैसे तिच्या हातात ठेवले. लोक म्हणतील, दुधानं तोंड पोळलेली बाई ताकही फुंकून पिते, तुला एवढं कळू नये? पण मला पोळल्यासारखं वाटलंच नव्हतं. माझ्या लेखी चोर होता तो न्यूयॉर्कवाला. देवासमोर जिनं माझं लेकरू हातात घेतलं तिच्यावरच संशय घ्यायचा, तर मग भरवसा ठेवायचा कुणावर?

अपिलाच्या तारखेआधीच कोर्टाचा एक गणवेशातला माणूस घर सोडायचा हुकूम दारावर चिकटवून गेला. मी गोदामाच्या कपड्यांतच कोर्टात धावले. खिडकीवरच्या बाईनं संगणकात पाहिलं, मग पुन्हा पाहिलं.

"ह्या महिन्याचे पैसे आलेच नाहीत हो," ती म्हणाली.

तिथं उभ्या उभ्या मला त्या निळ्या फरश्या दिसल्या. माझं भाडं कुठं गेलं ते मी दर महिन्याला कॉफी पीत पाहत होते. घर गेल्याचं दुःख होतंच, पण त्याहून संताप आला तो मी केलेल्या कौतुकाचा.

घर सोडायच्या दिवशी आमच्या गाद्या फुटपाथवर होत्या आणि मालकाच्या वतीनं नवं कुलूप घेऊन नुरिसच दारात उभी होती.

"कोमाद्रे, मी भरून टाकणार होते गं," ती खालच्या आवाजात म्हणाली. "गवंडी मागे लागला होता. कठडा अर्धवट राहिला असता."

"कोमाद्रे म्हणू नकोस मला."

तेवढ्यात यानेली शाळेचं दप्तर घेऊन खाली आली. नुरिसनं काय केलं ते मी तिला सांगितलं नव्हतं. चालायला लागल्यापासूनची तिची सवय, आपली धर्ममाता नुरिस दिसली की पुढ्यात जाऊन मान वाकवायची.

"माद्रिना, आशीर्वाद."

नुरिसचा हात वर आला आणि हवेतच थांबला. ती माझ्याकडे बघत राहिली. आमच्यात मुलानं मागितलेला आशीर्वाद कुणी नाकारत नाही, आणि पोर मान वाकवून वाट बघत होती.

"दे," मी म्हटलं. "निदान तेवढं तरी पोचू दे."