दगडात गेलेली चिठ्ठी

व्लास्ताच्या हातांना स्वस्थ बसणं ठाऊकच नव्हतं. गाडीचं तिकीट, साखरेच्या पुडीचा कागद, चर्चबाहेर वाटलेलं पत्रक, जे हाती येईल त्याचा बोलता बोलता गुलाब व्हायचा. बावीस वर्षं चेक देशातल्या कार्लोव्ही व्हारीच्या मोठ्या औषधी झऱ्याखालच्या तळघरात बसून कागदी गुलाब वळल्यावर दुसरं काय होणार? वर खांबांच्या सावलीत पाहुणे नळीच्या पेल्यातून कढत पाणी घोट घोट पीत हिंडायचे, आणि खाली तेच पाणी तिच्या गुलाबांवर ठिबकत राहायचं. पाण्यातल्या क्षारांचा थर चढून दोन आठवड्यांत कागदाचा तपकिरी दगड होई. तेवढे दिवस प्रत्येक गुलाब रोज थोडा फिरवावा लागे, नाहीतर एका बाजूला कुबड येई आणि दुकानदार माल परत पाठवी.

त्या शुक्रवारी दुपारी दोन वाजता तिने एप्रनच्या खिशात हात घातला आणि तिच्या तोंडचं पाणी पळालं. खिशात चिठ्ठी हवी होती. हाताला लागला तो क्रेप कागदाचा गुलाबी चौकोन, वळायचा राहिलेला.

चिठ्ठी तिच्या मुलीची होती. इवोनाची. मागच्या शुक्रवारी टपालाने आलेली, चारच ओळींची. 'आई, मला मुलगी झाली. मे महिन्यात. पुढच्या शनिवारी आम्ही सेल्ब सोडून हॅम्बुर्गला जातोय, आणि हा कंपनीचा फोन मला परत द्यायचाय. शुक्रवारी संध्याकाळपर्यंत फोन केलास तर बोलू. नाही केलास तर मी काय ते समजेन.' खाली नंबर. पत्ता नाही. इवोनाचा जुना नंबर तर चार वर्षांपूर्वीच बंद झाला होता.

चार वर्षांपूर्वी काय झालं ते व्लास्ता राहते त्या सोकोलोव्ह गावातल्या इमारतीत तिन्ही मजल्यांना ठाऊक आहे. चिनी मातीच्या कारखान्यात ताटल्यांच्या काठावर नक्षी काढणारी इवोना एका सोमवारी कामावर गेली, तर फाटकाला कुलूप. महिनाभर शोधाशोध केली. कोळशाची खाण माणसं कमी करत होती. औषधी स्नानगृहांतली निम्मी कामं रशियन पाहुण्यांबरोबरच गेली होती, त्यांच्या भाषेतल्या पाट्या तेवढ्या दारांवर उरल्या होत्या. सीमेपलीकडे जर्मनीतल्या सेल्बमध्ये तेच काम होतं आणि पगार तिप्पट. इवोनाने बॅग भरली.

व्लास्ताच्या जिभेला हाड नाही. रविवारचं भाजलेलं बदक ताटात वाढता वाढता ती म्हणाली, "जा! जर्मनांच्या ताटल्या रंगव! तुझा बाप खाणीत मेला, पण खड्डा सोडून पळाला नाही. त्या सीमेपलीकडे पाऊल टाकलंस तर रविवारी या टेबलावर तुझी ताटली मांडणार नाही मी. ऐकलंस?"

इवोनाने ऐकलं. बदक तसंच ठेवून ती उठून गेली. तिने स्वतः रंगवलेली निळ्या काठाची ताटली व्लास्ताने धुतली, पुसली आणि कपाटात उपडी ठेवली. फेकायला धीर झाला नाही, मांडायला मान वाकेना. बाई भारी हट्टी, आणि हट्टी माणसाची मजा अशी की आधी उपाशी तोच राहतो.

तर चिठ्ठी आल्यापासून आठवडाभर बाईचा जीव थाऱ्यावर नव्हता. शनिवारी तिने तीनदा फोन उचलून ठेवला. रविवारी शब्द जुळवले: 'झालं ते झालं' म्हणावं, की 'तूच आधी गेलीस' म्हणावं? सोमवारी चिठ्ठी एप्रनच्या खिशात घालून ती कामावर आली. जेवणाच्या सुट्टीत नक्की करू. मंगळवारी नक्की. बुधवारी, गुरुवारी नक्की. खिशात कागदाचा चौकोन बोटांना लागायचा आणि तेवढ्यावर तिची समजूत पटायची. नंबर पाठ केला नाही, कुठे उतरवून ठेवला नाही. काढून बघायचा तर फोन करावा लागेल ना!

आता तिला सोमवारची दुपार आठवली. टेबलावर क्रेपचे चौकोन, डोक्यात इवोना, 'झालं ते झालं' की 'तूच आधी', आणि हात आपले चालले होते. कधी खिशात गेले, काय काढलं, काय ठेवलं, देव जाणे. अठ्ठेचाळीस गुलाब तारेला बांधून त्याच संध्याकाळी पाण्याखाली लागले होते.

आणि चार दिवस ती स्वतःच्या हाताने ते फिरवत होती. एकूण एक.

ती वाफेत धावली. रॅकवर अठ्ठेचाळीस गुलाब, सगळे एकाच मापाचे, सगळे तपकिरी. चार दिवसांचा थर अंड्याच्या टरफलाएवढा. तिने पहिला उचलला, जरा दाबून पाहिला आणि मग सरळ टेबलाच्या कडेवर आपटला. आत गुलाबी लगदा. दुसरा. गुलाबी. तिसरा. बोटं भाजत होती, डोळ्यांत वाफ होती की पाणी, कळायला मार्ग नव्हता. बारावा फुटला तेव्हा जिन्यावरून आवाज आला.

"व्लास्ताबाई! वेड लागलं की काय?"

हाव्रानेक. तळघराचा मुकादम. पोट आधी उतरतं, मग माणूस.

"ड्रेस्डेनला जायचा माल आहे तो! दुकानदाराला काय सांगू मी, आमच्या बाईला गुलाब आवडत नाहीत?"

"यातल्या एकात इवोनाची चिठ्ठी आहे."

हाव्रानेक खालच्या पायरीवर थांबला. इवोनाचं नाव या तळघरात चार वर्षांत कोणी काढलं नव्हतं.

"चिठ्ठी आली? आणि तिचा गुलाब केलात?"

"केला."

"धन्य आहे तुमची!" तो जवळ आला. "काय लिहिलंय?"

"नंबर आहे. आज संध्याकाळी बंद होतोय. मला नात झालीय, हाव्रानेकसाहेब." हे ती पहिल्यांदाच मोठ्याने बोलली आणि खाली स्टुलावर बसली. "मला नात झालीय आणि मी आठवडाभर मान ताठ करून बसलेय."

हाव्रानेकने टक्कल खाजवलं. "कागद कसला होता? आपल्यासारखा?"

"नाही. जाड. नक्षीच्या वहीतला, गुळगुळीत."

"मग फोडताय कशाला हो? बावीस वर्षं झाली तुम्हाला इथे! गुळगुळीत कागदावर थर लवकर धरतो का?"

व्लास्ताने कपाळावर हात मारला. नव्या मुलींना हे तीच शिकवायची: चकचकीत कागद घेऊ नका, दगड बसत नाही, थर पातळ राहतो. हाव्रानेकने कोपऱ्यातला दिवा ओढून रॅकजवळ आणला. दोघं वाकून एकेक गुलाब उजेडापुढे धरू लागले. पाण्याच्या कडेने तिसऱ्या रांगेत एक गुलाब बाकीच्यांहून फिका होता, दुधाच्या चहासारखा.

"हळू," हाव्रानेक म्हणाला. "आपटू नका आता. द्या, मी धरतो."

"तुमची बोटं बघा केवढी आहेत! धरू नका. दिवा धरा."

तिने केसांतली पिन काढून पाकळीच्या कडेने थर उचलला. ओल्या कागदावर अक्षरं होती. इवोना चिनी मातीवर नक्षी आखायच्या पेन्सिलीने लिहायची, ती पेन्सिल भट्टीत जळून जाते पण पाण्याला दाद देत नाही. 'मला मुलगी' एका पाकळीवर, 'समजेन' दुसरीवर. नंबर अगदी आत, गाभ्यात, सगळ्यात घट्ट वळलेला. व्लास्ताने पिनेच्या टोकाने तो उलगडला. एकेक आकडा दिसत गेला आणि शेवटचा आकडा खपलीबरोबर तुटून पाण्यात गेला.

हाव्रानेकने दिवा त्या भोकावर धरला.

"एकच गेलाय," हाव्रानेक म्हणाला. "शून्यापासून नऊपर्यंत. दहा फोन, बाई. मोडलेल्यांचं सोमवारी बघू, तासभर जास्त थांबा आणि नवे वळा. आता वर पळा, इथे रेंज नाही."

ती ओल्या एप्रननेच वर आली. खांबांमध्ये पाहुणे पेले घेऊन फिरत होते. तिने शेवटी शून्य लावून फोन केला. नंबर अस्तित्वात नाही. एक लावला, एका बाईने तिचं ऐकलं आणि फोन आपटला. व्लास्ताचं जर्मन म्हणजे पाहुण्यांपुरतं: गरम आहे, हळू प्या, दिवसातून तीन पेले. दोनवर एक आजोबा निघाले. इवोना नाही म्हणाले, पण कार्लोव्ही व्हारीहून फोन आलाय म्हटल्यावर आपल्या गुडघ्याचं सांगत बसले. "हळू प्या," म्हणून तिने फोन ठेवला. तीनवर घंटा वाजत राहिली, कोणी उचलला नाही. तोच असेल तर? चार. दुकान. पाच. बंद. घड्याळात संध्याकाळचे पाच वाजून गेले होते. तिने सहा लावला.

कोणीतरी उचलला. मागे लहान बाळ कुरकुरत होतं.

'झालं ते झालं' गेलं. 'तूच आधी' गेलं. आठवडाभर घोकलेलं एकही अक्षर तिला आठवेना.

"इवोना?"

"आई. मी फोन बंदच करत होते. आठवडा लागला तुला?"

"तुझ्या चिठ्ठीचा गुलाब केला मी. पाण्याखाली लावला. आत्ता फोडून काढला."

पलीकडे इवोना हसली की रडली ते कळलं नाही. "तुझे हात!" ती म्हणाली. "आई, आता काय उपयोग? आम्ही उद्या दुपारी निघतोय. रविवारी यायला जमणार नाही. आणि तसंही..."

"तू येऊ नकोस," व्लास्ता म्हणाली. "मी येते. पहाटेची खेबची गाडी, पुढे आश, मग सेल्ब. दहापर्यंत पोचते. बदक आज रात्री भाजते, क्नेडलीकचे वाफवलेले गोळे तिथे गरम करू. मी चुकले गं, पोरी. घराचा पत्ता सांग, लिहून घेते."

"तू? सीमेच्या पलीकडे?"

"हो. फक्त एक विचारायचं होतं, गाडीत फुटू नये म्हणून कशात गुंडाळू?"

"काय?"

"ताटली," व्लास्ता म्हणाली. "निळ्या काठाची. तुझी."