पत्र्याखालची ऊब

दक्षिण आफ्रिकेतल्या खाणीतलं काम सोडून तेफो कायमचा घरी आला आणि जुन्या गोल झोपडीशेजारी त्याने नवं घर बांधलं. सिमेंटच्या विटा, वर पत्रे, रस्त्याकडे मोठी खिडकी. लेसोथोच्या डोंगरातल्या आमच्या वस्तीत असं दुसरं घर नव्हतं. पहिला हिवाळा आला आणि त्याची बायको, मापुलाने तिचं नाव, घोंगड्या उचलून गवती छपराच्या झोपडीत परत झोपायला गेली. तेफो मात्र हटून नव्या घरातच राहिला.

वस्तीला विषय मिळाला. "काय गं, त्याने तुला टाकलं की तू त्याला?" सेलोआने नावाची शेजारीण विचारायची.

"थंडीने टाकलंय दोघांना," मापुलाने म्हणायची.

पण तिला खरंच कोडं पडलं होतं. गोवऱ्या त्याच, शेगडीही तशीच. झोपडीत अर्ध्या टोपलीत अंग सैल व्हायचं. नव्या घरात टोपली संपली तरी तेफोचं नाक गार. मग ऊब जाते कुठे?

"खिडकीतून," तेफो म्हणाला. "काच केवढी आहे बघ."

"मग झाका की."

त्याने काचेवर जाड घोंगडी टांगली. मापुलानेने धुमसती काडी चौकटींपाशी फिरवली. दाराखाली धूर एकदम आत वळला, तिथे तिने चिंध्या कोंबल्या. वारा थांबला, पण टोपली जवळजवळ तेवढीच लागली.

"वरून जातेय, न्ताते," ती म्हणाली. नवऱ्याला ती आदराने अशीच हाक मारायची.

"वरून? एक भोक दाखव! पत्रे मी स्वतः ठोकलेत."

त्याच आठवड्यात बर्फ पडलं. ढगाळ सकाळी मेंढ्यांना बघायला गेलेली मापुलाने अंगणातूनच ओरडली, "न्ताते, बाहेर या! चहा राहू दे!"

झोपडीच्या गवतावर बर्फ जसंच्या तसं होतं. नव्या घराच्या कोठीवरही होतं. तिथे कधी शेगडी पेटत नसे. शेगडीच्या खोलीवरचा पत्रा मात्र काळा, ओला, वळचणीतून पाणी गळतंय. कोठी आणि त्या खोलीमधल्या भिंतीच्या रेषेवरच बर्फ संपलेलं.

तेफोने हात पसरून आधी खिडकी मापली, नंतर तो ओला पत्रा डोळ्यांनीच.

"खिडकीच्या दहापट तरी असेल," तो पुटपुटला. "एवढ्या गोवऱ्या मी..."

"आभाळाला शेक देत होता!" कुंपणापलीकडून सेलोआने ओरडली. तेफोलाही हसू आलं.

व्यापारी घेत नाहीत ती मेंढ्यांच्या पोटाखालची गुंत्याची लोकर दोघांनी धुऊन वाळवली, पिठाच्या रिकाम्या पोत्यांत भरली आणि तारा ओढून पत्र्याखाली बसवली. धुराड्याभोवती हातभर जागा मोकळी ठेवली. पहिल्या खेपेला एक पोतं तेफोच्या जेवणावर कोसळलं. मक्याच्या घट्ट लापशीतून लोकर वेचत तो म्हणाला, "निदान माझा घास तरी गार होणार नाही." दुसऱ्यांदा तारा घट्ट ओढल्या.

त्या संध्याकाळी त्याने कान झाकणारी टोपी काढून ठेवली. टोपलीत अजून बऱ्याच गोवऱ्या होत्या. तो उठून झोपडीच्या दारात गेला.

"येतेस?" एवढंच म्हणाला.

ती घोंगड्या घेऊन आली. त्याने शेगडीजवळची जागा दिली. ती बसली, पाय खाली टेकवले आणि पटकन वर घेतले.

"न्ताते, जमीन गार आहे."

"सगळीकडे? की भिंतीपाशी जास्त?"

"थांबा, बघू या."

दोघंही गुडघ्यांवर बसून तळहातांनी जमीन चाचपत भिंतीकडे सरकू लागले.