डावा आरसा

“ही बाई आली कुठून? आभाळातून पडली का?”

उत्तरेश्वरनं ब्रेकवर पाय दाबला, पण उशीर झाला होता. स्क्रीनवरची बस हिसका देऊन थांबली, काचेवर लाल अक्षरांत दंड उमटला आणि हिरव्या साडीतली ती चित्रातली बाई चित्रातल्या रस्त्यावर आडवी झाली. त्यानं टेबलाला लावलेलं खेळण्यातलं स्टिअरिंग असं ढकललं, की शेजारचा चहाचा कप बशीसकट हादरला.

“नमू! ये इकडं. बघ तुझा पडदा काय करतोय ते.”

नम्रता गॅलरीत कपडे वाळत घालत होती. हातात ओला टॉवेल घेऊनच ती आली आणि स्क्रीनकडे बघून तिनं कपाळाला आठ्या घातल्या.

“पप्पा, ही बाई स्टॉपपासून चालत आली. मी गॅलरीच्या दारातून बघत होते.”

“मला नको शिकवू. तुझ्या जन्माआधीपासून या पुण्यात बस चालवतोय. माणूस चालत आला तर मला दिसतो. ही एकदम उगवली.”

“उगवली कशी? मला दिसली ना.”

“मग तूच चालव.”

तो खुर्चीतून उठला, दोन पावलं गेला आणि पुन्हा येऊन बसला. कुणी आपल्याला खोटं पाडलं, तर तिथून हलायचं नाही, हा त्याचा जुना स्वभाव. राग त्याच्या नाकावर नाही, नाकाच्या शेंड्यावर असे. पंचविशीत लातूरकडून पुण्यात आला, सिटी बसवर ड्रायव्हर झाला, धनकवडीत दोन खोल्यांचा फ्लॅट केला, आणि या सगळ्या वर्षांत पुणेकरांकडून एकच गोष्ट मनापासून शिकला, ती म्हणजे तोडून बोलणं. “जरा लवकर चला की,” असं कुणी मागून म्हणालं, की तो आरशात बघून सांगायचा, “विमानतळ लोहगावला आहे. इथं उतरून रिक्षा करा.” सिग्नल तोडणारे, उजव्या बाजूनं घुसणारे, स्टॉप सोडून मधेच हात करणारे, सगळ्यांना त्याच्या जिभेचा प्रसाद मिळालेला. पण त्याच्या बसला आजवर माणूस लागला नव्हता. डेपोत त्याच्याशी ज्यांचं पटत नसे, तेही एवढं कबूल करत. तो जगत होता तो या एका गोष्टीच्या जोरावर, आणि म्हणूनच खेळातली बाई पडली तरी त्याच्या तळपायाची आग मस्तकात जात होती.

स्क्रीन नम्रताची. ती आयटीत, आठवड्यातले तीन दिवस घरून काम. त्यासाठी म्हणून तिनं ही स्क्रीन आणली, नेहमीच्या दीडपट लांब, दोन्ही टोकांना किंचित आत वळलेली. दिवसा ऑफिसचं काम आणि संध्याकाळी गेम. एवढ्या लांब स्क्रीनवर पुष्कळसे गेम नीट बसत नाहीत, ते बसवून देण्यात नम्रताचा हातखंडा. ऑफिसातली पोरं तिला फोन करून विचारत. उत्तरेश्वरनं आधी चेष्टा केली. “टीव्ही घ्यायला गेली आणि फळी घेऊन आली,” म्हणाला. मग सुट्टीच्या दिवशी बाप घरात नुसता चिडचिडत बसतो म्हणून तिनं त्याला बस चालवायचा एक गेम लावून दिला, स्टिअरिंग, पायातले पेडल, सगळं.

गेम जुना. त्याला इतकी रुंद स्क्रीन ठाऊकच नव्हती. चित्र मधेच उमटायचं आणि दोन्ही बाजूंना काळे पट्टे. बसचा डावा आरसा चित्राच्या बाहेर. डावीकडे बघायचं, तर दरवेळी एक बटण दाबून ड्रायव्हरची मान वळवावी लागे. उत्तरेश्वर प्रत्येक स्टॉपला बटण दाबायचा आणि प्रत्येक वेळी शिव्या घालायचा.

“डावा आरसा नाही आणि म्हणे बस. हे बनवणाऱ्याला एकदा कात्रजच्या घाटात आणून बसवा.”

नम्रतानं दोन संध्याकाळी घालवल्या. गेमच्या फाइलमधले आकडे बदलले, दुसऱ्या कुणीतरी केलेला एक छोटा प्रोग्रॅम वरून बसवला. पहिल्यांदा चित्र ताणलं गेलं, स्टिअरिंग बिघडलेल्या पोळीसारखं लांबुळकं झालं आणि फुटपाथवरची माणसं सगळी सुटलेल्या पोटाची. मग तेही सुधारलं. पट्टे गेले. डावा आरसा, उजवा आरसा, दार, स्टॉपवरची रांग, सगळं एका वेळी समोर. उत्तरेश्वर म्हणाला, “हां. आता सीटवर बसल्यासारखं वाटतंय.” त्याच्या तोंडून एवढं निघालं म्हणजे पुष्कळच होतं.

आणि त्या दिवसापासून तो ठोकायला लागला.

आधी एक सायकलवाला, मग कुत्रं, मग शाळेची दोन पोरं, आता ही बाई. नम्रता दर रविवारी आकडे बदलत होती. चित्र जवळ आणलं, लांब नेलं. काही फरक पडला नाही.

“पट्टे होते तेव्हा मी एकदा तरी ठोकलं का?” उत्तरेश्वरनं आता वकिलासारखं बोट रोखलं. “सांग ना. एकदा तरी? तू दुरुस्त केलंस आणि बिघडलं.”

नम्रता उत्तर द्यायला तोंड उघडून थांबली. टॉवेल तिनं खुर्चीच्या पाठीवर टाकला.

“पट्टे होते तेव्हा तुम्ही बटण दाबून डावीकडे बघत होतात,” ती सावकाश म्हणाली. “आता आरसा समोर आहे म्हणून बटण दाबत नाही.”

“मग? आरसा दिसतोय तर मान कशाला वळवू?”

“पप्पा, बसा. समोर बघा. त्या पुढच्या बसच्या नंबरावरच नजर ठेवा, हलवू नका. मी माऊसचा बाण डाव्या कडेपासून आत आणते. दिसला की सांगा.”

“काय पोरखेळ लावलाय.”

“लावलाय. बघा समोर.”

तो बघत राहिला. स्वयंपाकघरातून तुळजा, त्याची बायको, हात पुसत दारात आली.

“आण की आता,” उत्तरेश्वर म्हणाला.

नम्रताचा हात माऊसवर होता.

“आणतेस का नाही?”

“आणतेय, पप्पा. कडेपासून अर्ध्या वाटेच्या पुढं आलाय.”

“हां, दिसला. आता दिसला.”

तिनं पुन्हा केलं. मग त्यानं तिला बसवलं आणि माऊस स्वतःच्या हातात घेतला, तर बाण कडेवरून हलल्याबरोबर ती “दिसला” म्हणाली. त्याला वाटलं ती डोळे फिरवतेय. त्यानं तुळजाला बसवलं. तिला त्यातलं काही कळत नव्हतं, तरी तीही लगेच म्हणाली, “हा काय बाण.”

“उद्या डोळ्यांच्या डॉक्टरकडे जाऊ,” नम्रता म्हणाली. “आणि तोवर बस चालवू नका.”

“स्क्रीन खराब तुझी आणि डोळे माझे खराब?” त्याचा आवाज शेजारच्या फ्लॅटपर्यंत गेला. “आत्ता तपासणी झाली. पाटीवरची शेवटची ओळ वाचली मी, शेवटची!”

“ती समोरची. कडेचं कुणी विचारलं तुम्हाला?”

“कडेचं दिसत नसतं तर मी काय हवेत बस चालवतो?”

“मान वळवून चालवता. सवयीनं. पण नेहमी थोडीच वळवाल? आणि मागच्या महिन्यात ती रिक्षा घासली, ती कुठल्या बाजूनं आली होती?”

त्यानं तुळजाकडे पाहिलं. फक्त तिला सांगितलेली गोष्ट पोरीच्या कानावर कुणी घातली, हे उघड होतं. तुळजानं नजर वळवली नाही.

“रिक्षावाल्याची चूक होती,” तो म्हणाला.

“डावीकडूनच आली ना?”

“बापाच्या पोटावर पाय द्यायला निघालीस? एका खेळापायी? ड्रायव्हरनं दिसत नाही म्हटलं की संपला तो. माहीत आहे का तुला? मग काय करू मी, डेपोत झाडू मारू?”

नम्रताच्या डोळ्यांत पाणी आलं, पण आवाज बापाचाच होता.

“गेममधली बाई परत उभी राहते, पप्पा. पुन्हा सुरू केलं की उभी राहते.”

तो ताडकन उठला आणि चपला घालून बाहेर पडला. संध्याकाळी परत आला तेव्हा दोघींशी बोलला नाही, जेवताना भाजीला नावं ठेवली आणि पाठ करून झोपला.

सकाळी स्वारगेटला पोचला तरी राग उतरला नव्हता. उलट रात्रभरात तो मुरला होता. त्यानं मनाशी ठरवलं होतं, की आज आपल्याच बसवर बघायचं, खऱ्या काचेतून, आणि घरी जाऊन त्या पोरीच्या तोंडावर सांगायचं, की तुझी फळी भंगारात घाल.

बस भरत आली होती. एक बाई शाळेच्या गणवेशातल्या मुलाला दंडाला धरून वर चढवत होती आणि त्याच्या बुटाच्या नाड्यांवरून त्याला बोलत होती. कंडक्टर संभाजी, मांजरी गावाकडचा, गेली काही वर्षं त्याच्याच जोडीला. तो तिकिटांचं मशीन गळ्यात अडकवत होता.

“संभाजी, खाली उतर. पुढच्या दारापासून बसच्या तोंडापुढनं चालत उजवीकडं ये.”

“काय पडलंय का खाली?”

“चालत ये म्हटलं ना. हळू.”

संभाजी खांदे उडवून उतरला. उत्तरेश्वरनं दोन्ही हात स्टिअरिंगवर ठेवले आणि समोरच्या फलाटाच्या खांबावर नजर लावली. काच स्वच्छ होती. खांब स्पष्ट होता, त्यावरची जाहिरात वाचता येत होती. तो वाट बघत राहिला. हा गाढव उतरून तंबाखू मळत बसला की काय, असं मनात आलं, आणि तेवढ्यात संभाजी काचेच्या मधोमध उभा होता. दोन्ही हात वर करून हलवत.

“आवो, कवाचा हात करतोय मी!” तो बाहेरून ओरडला. “झोपला काय?”

“परत ये. दारापासनं.”

दुसऱ्या वेळीही तेच झालं. संभाजी नव्हता, नव्हता, आणि मग होता. तिसऱ्यांदा उत्तरेश्वरनं मान पूर्ण डावीकडे वळवली, तर तो दारापाशीच उभा दिसला, तोंड वेंगाडून.

ना काळा पट्टा, ना अंधार. काही नाही म्हणजे काहीच नाही, आणि जे नाही ते नाही हेसुद्धा कळत नाही. प्रत्येक स्टॉपला डाव्या दारानं माणसं उतरतात आणि निम्मी बसच्या तोंडापुढूनच रस्ता ओलांडतात. पिशव्या घेतलेल्या बायका, फोनवर बोलणारी पोरं. या सगळ्या दिवसांत किती गेली असतील? तो गाडी तशीच पुढं काढत होता आणि ती माणसं आपापल्या नशिबानं वाचत होती. आणि तो रिक्षावाल्याच्या आईबापाचा उद्धार करत होता. त्याला स्वतःचा असा संताप आला, की त्यानं स्टिअरिंगवर मूठ आपटली आणि हॉर्न वाजला. फलाटावरची माणसं वळून बघायला लागली.

त्यानं बस बंद केली, चावी काढली आणि कंट्रोलच्या खोलीत गेला. गाड्या सोडणारे साईनाथ तिथं चहा पीत होते.

“मी गाडी काढत नाही. मला डावीकडचं दिसत नाही.”

साईनाथांनी कप खाली ठेवला. “कुणाशी भांडण झालंय का?”

“नाही.”

“उत्तरेश्वर, बस जरा. असं बोलून जाऊ नये. एकदा हे तोंडातून गेलं, की परत सीटवर बसणं आपल्या हातात राहत नाही. आज आजारी आहे म्हण, घरी जा, मग बघू.”

“आज आजारी आणि उद्या काय? उद्या बरा?” तो चिडून म्हणाला. चावी त्यानं टेबलावर ठेवली. “गेलं तोंडातून. दुसरा ड्रायव्हर असला तर बघा.”

दुसरा ड्रायव्हर नव्हता. बस रद्द झाली. संभाजी धावत मागून आला. “मी सांगतो लोकांला. ब्रेकडाऊन हाय म्हणतो.”

“गाडीला काही झालेलं नाही,” उत्तरेश्वर म्हणाला. “गाडीवर नको ढकलू.”

तोच बसपाशी गेला आणि दारातून वर बघून म्हणाला, “ही गाडी जाणार नाही. मागची घ्या.”

मग पुणं सुरू झालं.

“का? मुहूर्त नाही का आज?” खिडकीतल्या एका गृहस्थांनी विचारलं.

“हॉर्न वाजवून बघितला की, आणखी किती काम करायचं माणसानं,” मागून कुणीतरी म्हणालं.

“चालवायची नसेल तर घरी बसा ना.”

“बसतोय,” उत्तरेश्वर म्हणाला.

एरवी या प्रत्येकाला त्यानं उतरता उतरता असं उत्तर दिलं असतं, की ते दिवसभर पुरलं असतं. आज जिभेवर येत होतं आणि तो ते गिळत होता. माणसं धक्के देत, पुटपुटत उतरली. तो बसच्या तोंडाशी, बंपरला हात लावून उभा राहिला, कारण कुठं जाऊन उभं राहायचं ते त्याला सुचत नव्हतं.

सगळ्यात शेवटी ती मुलाची आई उतरली. मागची बस पलीकडच्या फलाटाला लागत होती. ती मुलाला ओढत डाव्या दारापासून बसच्या पुढे आली आणि उत्तरेश्वरच्या समोर थांबली.

“पोराची परीक्षा आहे आज. लाज वाटत नाही का हो तुम्हाला पगार घ्यायला?”

त्यानं बाजूला सरकून वाट दिली. ती मुलाला घेऊन रस्ता ओलांडायला लागली आणि चालता चालता मागं वळून आणखी दोन शब्द बोलली. मुलाची एक नाडी सुटलेलीच होती. ती दोघं पलीकडच्या फलाटावर चढेपर्यंत उत्तरेश्वर मान वळवून त्यांच्याकडे बघत राहिला.